टाकीमागची फट

जुन्या गावात आमच्या आणि देवकाबाईच्या भिंतीमध्ये
एक बोळ होती. दीड हात.
डोक्यावर घागर घेतलेली बाई समोरून आली
तर दुसरीनं पाठ भिंतीला टेकवून
पोट आत घ्यायचं, एवढीच.

भांडण वळचणीच्या पाण्याचं.
त्यांच्या कवेलूंवरचं पाणी
आमच्या नुकत्या पोतारलेल्या भिंतीवर पडलं.
त्यावर माय काहीतरी म्हणाली,
त्यावर देवकाबाई काहीतरी म्हणाली,
मग अकरा वर्षं दोघी काहीच म्हणाल्या नाहीत.

पण न बोलण्याला केवढं काम असायचं!
पहाटे तिकडं चुलीतली राख खरवडल्याचा आवाज आला
की माय उठायची,
आपला सडा आधी पडला पाहिजे म्हणून.
तिकडं लाखोरीच्या वरणाला फोडणी बसली
की 'लसूण जाळला' हे माय भिंतीला सांगायची,
आणि भिंत ते पोचतं करायची.
दुपारी पलीकडं गंज आदळायचा.
माय ताट आदळायची.
उत्तर म्हणून.

एकदा देवकाबाईचा खोकला तीन रात्री थांबेना.
मायनं अडुळशाचा पाला बोळीतल्या दगडावर ठेवला.
"शेळीनं पाडला असंल," म्हणाली.
सकाळी दगड रिकामा.
शेळी आमच्याकडं नव्हती.
त्यांच्याकडंही नव्हती.

बोळीत समोरासमोर आल्या
की दोघी तोंडं फिरवायच्या
आणि लुगड्याला लुगडं घासायचं.

मग धरणाचं पाणी चढायला लागलं.
वैनगंगा उंबऱ्यावर येण्याआधी आम्ही निघालो,
ट्रॅक्टरवर चौकटी, दारं, माळ्यावरची फळकुटं.
देवकाबाईच्या ट्रॉलीत तेच कवेलू,
तणसावर नीट रचलेले, अंड्यांसारखे.

नवं गाव दोरी लावून आखलेलं.
चिठ्ठ्या टाकल्या.
आम्ही एकशे नव्वद, त्या सदतीस.
मध्ये तीस फुटी रस्ता, पुन्हा तीस फुटी रस्ता,
शाळेसाठी सोडलेली जागा, आणि तरोटा.
साहेब म्हणाले, आता कोणाला कोणाची अडचण नाही.

खरंच नव्हती.

मायनं ताट आदळून पाहिलं.
आवाज शेजारच्या रिकाम्या प्लॉटवर गेला,
तिथून तरोट्यात, आणि परत आला नाही.
वास यायचे, पण कोणाच्या घरचे ते कळेना.
माय सहाला उठू लागली. मग सातला.
"बरं वाटत नाही का?"
"बरंच हाय. काहून?"
थोड्या वेळानं म्हणाली, "इथं वारा लय हाय."
पानही हलत नव्हतं.

नळाचा पंप मी चालवतो.
टाकीची भिंत आणि डीपीचं कुंपण यांच्यामध्ये
कंत्राटदाराच्या चुकीनं एक फट राहून गेलीय.
एवढा रस्ता सोडून तिथून कोण जाईल?
माघातल्या एका संध्याकाळी व्हॉल्व्ह फिरवताना पाहिलं,
इकडून माय, रिकामी घागर घेऊन,
घरात नळ असताना.
तिकडून देवकाबाई.
तिच्या हातात तर काहीच नव्हतं.

थांबल्या.
माय आधी शिरली.
मध्यावर देवकाबाईनं पाठ भिंतीला टेकवली,
पोट आत घेतलं, तोंड फिरवलं.
मायनंही फिरवलं.
दीड हातातून जायला असा किती वेळ लागतो?
मोटार टाकी भरून वाहायला लागली
तरी मी बटण दाबलं नाही.

शब्द नाही. एकही नाही.

त्या रात्री मायनं भात दोनदा घेतला.
"थे बाई लय वाळली," म्हणाली.
मला नाही, ताटाला.

पंचायतीनं फट बंद करायचा ठराव घेतलाय,
लेकरं शिरतील, करंट लागंल म्हणून.
बरोबरच आहे.
काटेरी तारेचं बंडल येऊन पडलंय, माझ्या खाटेखाली.
सरपंच दर सोमवारी विचारतात.
मी सांगतो, खांब यायचे आहेत.